साहेब काहीच बोलले नाहीत तर?

प्रशासकीय कायद्याच्या तासाला मी अपील, पुनरीक्षण आणि रिट याचिका यांतला फरक समजावून सांगत होतो. मागच्या बाकावरून खानापूरकडचा एक विद्यार्थी उभा राहिला आणि म्हणाला, “सर, साहेबांनी ‘नाही’ म्हटलं तर अपील, हे समजलं. पण साहेब काहीच बोलले नाहीत तर?” वर्ग हसला. मला मात्र हसू आले नाही. हाच प्रश्न दहा वर्षांपूर्वी माझ्या मामांनी मला विचारला होता आणि त्यांना मी चुकीचे उत्तर दिले होते.

त्या चुकीच्या उत्तरापासूनच हा लेख सुरू करतो. पाठ्यपुस्तकात ‘परमादेश’ या प्रकरणाला जेमतेम चार-पाच पाने असतात. विद्यार्थी ती परीक्षेपुरती पाठ करतात आणि विसरतात. आपल्या भागातल्या दगडखाणींच्या कागदपत्रांशी ती पाने ताडून पाहिली तर त्यांत बरेच काही सापडते.

बेळगावच्या आसपासची जमीन म्हणजे दख्खनच्या काळ्या दगडाचे पठार. खानापूरकडे गेले की जांभा लागतो. घराच्या पायाला, रस्त्याच्या खडीला, विहिरीच्या बांधकामाला दगड हवाच, आणि दगड काढून पोट भरणारी माणसे गावोगाव आहेत. माझे मामा त्यांतलेच. आधी बैलगाडी, मग ट्रॅक्टर. जून २०१४ मध्ये त्यांनी दोन भागीदारांसह गावाजवळच्या सरकारी माळावर इमारती दगडाचा खाणपट्टा मिळावा म्हणून रीतसर अर्ज केला. फी भरली, चलन घेतले, आवक क्रमांक घेतला. मोजणी नोव्हेंबरात झाली. वनखात्याचा अभिप्राय जानेवारी २०१५ मध्ये आला. त्यानंतर कागद एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत गेला आणि तिथेच बसला.

कर्नाटकातल्या खेड्यांत दारावर ‘नाळे बा’ असे लिहून ठेवण्याची एक जुनी समजूत आहे. रात्री भूत दारात येते, ‘उद्या ये’ हे वाचते आणि परत जाते. दुसऱ्या रात्री पुन्हा तेच. आमच्या कन्नड विभागाच्या वाचकांना ही गोष्ट सांगायला नको. मामांचे तसेच झाले होते. कारकून चांगला होता, आदराने बोलायचा, ‘नाळे बन्नी’ म्हणायचा. मामा म्हणायचे, “आठवड्याला एकदा जाऊलालोय की रे. कोण रागवत नाही, कोण नाही म्हणत नाही. मग भांडायचं कुणाशी?”

मी तेव्हा करार कायदा शिकवत असे. मोठ्या आत्मविश्वासाने मी त्यांना म्हणालो, “मामा, घाई करू नका. तुमचा अर्ज आधीचा आहे. उद्या नियम बदलले तरी तुम्हाला अर्जाच्या तारखेचे नियम लागू होणार. उशीर त्यांनी केला, त्याचे नुकसान तुम्ही का सोसायचे?”

ऐकायला हे किती न्याय्य वाटते! पण कायदा तसा नाही, आणि तो तसा नाही हे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ सालीच सांगून ठेवले होते.

तो खटला म्हणजे ‘स्टेट ऑफ तामिळनाडू विरुद्ध हिंद स्टोन’. तामिळनाडूत काळ्या ग्रॅनाइटच्या खाणपट्ट्यांसाठी अनेकांनी अर्ज केले होते. काहींचे अर्ज नव्या पट्ट्याचे, काहींचे जुन्याच्या नूतनीकरणाचे. अर्ज पडून राहिले. दरम्यान २ डिसेंबर १९७७ रोजी राज्य सरकारने आपल्या १९५९ च्या गौण खनिज नियमांत ८-क हा नवा नियम घातला: यापुढे काळ्या ग्रॅनाइटचे पट्टे खाजगी व्यक्तींना द्यायचे नाहीत. आणि या नियमाचा आधार घेऊन पडून असलेले जुने अर्जही फेटाळले गेले. अर्जदारांचे म्हणणे माझ्या मामांसारखेच होते. आमचे अर्ज नियमाच्या आधीचे, ते वेळेत निकाली काढले असते तर आम्हाला पट्टे मिळाले असते, सरकारने स्वतःच्याच दिरंगाईचा फायदा घ्यावा हे बरे नव्हे. मद्रास उच्च न्यायालयाने तो नियमच रद्द ठरवला. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला.

निकालपत्र न्या. चिन्नप्पा रेड्डी यांनी लिहिले. त्याचा गाभा असा. खनिज ही राष्ट्राची संपत्ती आहे, एका पिढीने ती संपवून टाकायची नाही. खाणपट्टा मिळावा असा कोणाचाही निहित हक्क नसतो. आणि हक्कच नाही, तर तो अर्ज अमुकच तारखेच्या नियमांनी तपासला जावा असाही हक्क नसतो. अर्ज ज्या दिवशी निकाली निघतो त्या दिवशी जो नियम अमलात असेल तोच लागू. अर्ज वाजवी वेळेत निकाली निघाले पाहिजेत हे न्यायालयाला मान्य आहे. पण ते निघाले नाहीत म्हणून जुना नियम जिवंत होत नाही.

मामांच्या बाबतीत हाच न्याय आपल्या राज्याच्या नियमांनी लागू झाला. इमारती दगड, खडी, साधी माती ही ‘गौण खनिजे’. १९५७ च्या खाणी व खनिजे अधिनियमाच्या कलम १५ ने त्यांचे नियम करण्याचा अधिकार राज्यांना दिला आहे, आणि त्यानुसार कर्नाटकाचे १९९४ चे गौण खनिज सवलत नियम आहेत. ऑगस्ट २०१६ मध्ये या नियमांत मोठी दुरुस्ती झाली. सरकारी जमिनीवरचे पट्टे लिलावाने देण्याची पद्धत आली आणि आधीचे पडून असलेले अर्ज अपात्र ठरले. काही ठराविक टप्पा गाठलेले अर्ज तेवढे वाचले. मामांचा अर्ज त्या टप्प्याच्या अलीकडे होता, कारण एक अभिप्राय आलाच नव्हता. दोन वर्षे दोन महिने कोणी ‘नाही’ म्हटले नाही, आणि मग ‘नाही’ म्हणण्याची गरजच उरली नाही.

अशा बदलामागे वाईट हेतू असतो असे मला म्हणायचे नाही. ‘आधी येईल त्याला’ या पद्धतीपेक्षा लिलाव अधिक उघड आहे, हे मी वर्गातही सांगतो. केंद्रानेही जानेवारी २०१५ मध्ये लोखंड-बॉक्साइटसारख्या मोठ्या खनिजांबाबत हेच केले आणि थोडे अपवाद सोडून जुने अर्ज बाद केले. उत्तर प्रदेशातल्या गौण खनिजांच्या पडून राहिलेल्या अर्जांविषयी २०१६ च्या ‘सुलेखन सिंग’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा ‘हिंद स्टोन’चाच मार्ग धरला. अर्थ असा, की खाणपट्ट्याच्या अर्जदाराला दिरंगाई केवळ त्रास देत नाही, ती त्याचा अर्ज मारू शकते. घड्याळ कचेरीच्या हातात असते आणि ते कोणाच्या बाजूने चालेल हे आधी सांगता येत नाही.

म्हणून विद्यार्थ्याचा प्रश्न बारकाईने घेतला पाहिजे: साहेब काहीच बोलले नाहीत तर त्या गप्प बसण्याचा कायद्यात अर्थ काय?

आपल्याकडे ‘मौनं संमतिलक्षणम्’ असे म्हणतात. लग्नाच्या बैठकीत ते चालते, कचेरीत चालत नाही. अधिकाऱ्याच्या मौनाचा अर्थ तोच, जो त्या त्या कायद्याने लिहून ठेवला असेल. आणि निरनिराळ्या कायद्यांनी निरनिराळा लिहून ठेवला आहे. कर्नाटक जमीन महसूल अधिनियम १९६४ चे कलम ९५ घ्या. शेतजमीन बिगरशेती करण्यासाठी अर्ज केला आणि जिल्हाधिकाऱ्यांनी चार महिन्यांत निर्णय कळवला नाही तर परवानगी मिळाली असे समजावे, अशी तरतूद त्या कलमात घातली गेली. इथे मौन म्हणजे होकार. उलट १९६० च्या खनिज सवलत नियमांत, म्हणजे मोठ्या खनिजांच्या नियमांत, एके काळी असे होते की पट्ट्याचा अर्ज ठराविक महिन्यांत निकाली निघाला नाही तर तो फेटाळला असे समजावे. इथे मौन म्हणजे नकार.

विद्यार्थ्यांना वाटते की दुसरी तरतूद अन्यायाची. मला तसे वाटत नाही. मानीव नकार हा निदान नकार असतो. त्याला तारीख असते. त्या तारखेपासून मुदत मोजून कलम ३० खाली केंद्र सरकारकडे पुनरीक्षणाचा अर्ज करता येत असे. ज्याच्याशी भांडायचे ते समोर उभे राहत असे. मामांना नेमके तेच हवे होते.

तिसरा प्रकार गोव्याने सगळ्या देशाला दाखवला. १९६० च्याच नियमांत २४-अ या नियमाखाली अशी सोय होती की मुदत संपण्याआधी नूतनीकरणाचा अर्ज रीतसर केलेला असेल आणि सरकारने निर्णय घेतला नसेल, तर निर्णय होईपर्यंत पट्टा वाढवला आहे असे समजावे. हेतू चांगला होता. सरकारच्या दिरंगाईने चालू खाण बंद पडू नये. पण मग दिरंगाई खाणवाल्याला गोड लागू लागते. पोर्तुगीज अमलातल्या खाण सवलती १९८७ च्या कायद्याने रद्द होऊन पट्टे बनल्या. त्या मानीव पट्ट्यांची मुदत २२ नोव्हेंबर १९८७ ला संपली आणि पहिले वीस वर्षांचे नूतनीकरण २२ नोव्हेंबर २००७ ला. पुढच्या नूतनीकरणाचे अर्ज सरकारदरबारी पडून, आणि खाणी चालू. सप्टेंबर २०१२ मध्ये गोवा सरकारने खाणकाम थांबवले. ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने थांबवले. २१ एप्रिल २०१४ रोजी ‘गोवा फाउंडेशन’च्या याचिकेवर निकाल आला, की दुसऱ्या नूतनीकरणासाठी सरकारने खनिज विकासाच्या हिताची कारणे देऊन स्पष्ट आदेश काढायला हवा, तिथे मौनाने मुदत वाढत नाही, म्हणून २२ नोव्हेंबर २००७ नंतरचे खाणकाम बेकायदेशीर.

इथवर ऐकले की वर्गात कोणीतरी विचारतेच, “म्हणजे फाईल पडून राहिली म्हणून एकाचा अर्ज मेला आणि दुसऱ्याची खाण पाच वर्षे चालली?” होय, तसेच. तीच पडून राहिलेली फाईल. फरक एवढाच, की एकाच्या हातात आधीपासून पट्टा होता आणि दुसऱ्याच्या हातात आवक क्रमांक.

चौथा प्रकार सर्वांत जास्त आढळणारा. नियम मौनाविषयी स्वतःच मौन पाळतो. मुदत लिहिलेली असते पण ती चुकली तर काय, हे लिहिलेले नसते. किंवा मुदतच नसते. इथे मौन म्हणजे ना होकार, ना नकार. एक गोष्ट ठासून सांगतो: अशा वेळी ‘इतके दिवस काही बोलले नाहीत, म्हणजे चालेल’ असे समजून सुरुंग लावू नये. १९५७ च्या अधिनियमाच्या कलम ४ आणि २१ प्रमाणे परवान्याविना खाणकाम व वाहतूक हा गुन्हा आहे, आणि २०१५ पासून त्याची शिक्षा पाच वर्षांपर्यंत कैद व हेक्टरी पाच लाख रुपयांपर्यंत दंड अशी वाढली आहे. ट्रॅक्टर जप्त होतो तो वेगळाच.

या चौथ्या प्रकारावरचे औषध म्हणजे परमादेश. ‘मॅन्डॅमस’ या लॅटिन शब्दाचा अर्थ ‘आम्ही आज्ञा करतो’. संविधानाच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालय अधिकाऱ्याला सांगते: तुझ्यावर कायद्याने जे कर्तव्य टाकले आहे ते कर. यात दोन शब्द महत्त्वाचे आहेत. एक ‘कर्तव्य’. अर्ज घेणे, तपासणे आणि त्यावर निर्णय देणे हे कर्तव्य आहे. पट्टा देणे हे कर्तव्य नाही. तो निर्णयाचा भाग आहे. म्हणून न्यायालय बहुधा एवढेच म्हणते की अर्जाचा कायद्यानुसार विचार करून इतक्या आठवड्यांत निर्णय द्या. निर्णय ‘नाही’ असाही येऊ शकतो. तेवढ्यासाठी वकिलाची फी द्यायची का, असे विद्यार्थी विचारतात. कारणांसह आलेला नकार हातात पडला तर राज्याच्या नियमांतल्या अपिलाचा दरवाजा उघडतो. कारणे चुकीची असतील तर ती दाखवता येतात. मौनाला कारणे नसतात, म्हणून त्यावर वादही करता येत नाही.

दुसरा शब्द ‘आज्ञा’. न्यायालय आज्ञा करण्यापूर्वी विचारते, तुम्ही त्या अधिकाऱ्याकडे मागणी केली होती का? १९७४ च्या ‘सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेट’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा जुना नियम पुन्हा सांगितला, की आधी लेखी मागणी, मग तिला नकार, आणि मगच परमादेश. नकार प्रत्यक्ष नसला तरी मागणीनंतरच्या दीर्घ मौनातून तो काढता येतो. मागणी मात्र कागदावर हवी. मामा सव्वा वर्षात साठ-सत्तर वेळा कचेरीत गेले असतील. त्या साठ-सत्तर फेऱ्यांची न्यायालयाच्या दृष्टीने किंमत शून्य होती, कारण त्यांचा कोठे कागद नव्हता. त्यांची स्मरणपत्रे दोनच, आणि दोन्ही मी लिहून दिलेली. त्यांत मी ‘कृपया लवकर विचार व्हावा ही नम्र विनंती’ असे लिहिले होते. कोणत्या नियमाखाली, कोणते कर्तव्य, किती दिवसांत, आणि न केल्यास उच्च न्यायालयात जावे लागेल, यांतले एकही वाक्य त्यात नव्हते. मराठी शाळेत अर्जलेखन शिकलेल्या माणसाची ती सवय!

कागद गोळा करण्याचे सर्वांत स्वस्त साधन माहितीचा अधिकार अधिनियम २००५ आहे. ‘माझा अर्ज कोणत्या तारखेला कोणाच्या टेबलावर गेला, त्यावर कोणी काय शेरा मारला, त्याच्या प्रती द्या’ एवढेच विचारायचे. तीस दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. हे उत्तर हाती आले की याचिकेचा निम्मा मजकूर तयार होतो, कारण मग दिरंगाई कोठे झाली हे कचेरीच्याच शिक्क्याने सांगता येते. कर्नाटकात २०११ चा सकाल कायदाही आहे. यादीतल्या सेवेला उशीर झाल्यास दिवसाला वीस रुपये, जास्तीत जास्त पाचशे रुपये भरपाई. दाखले-उताऱ्यांसाठी तो बरा. सीमेपलीकडे चंदगड-गडहिंग्लजला महाराष्ट्राचा २००५ चा कायदा लागू आहे. त्याच्या लांबलचक नावामुळे लोक त्याला ‘दफ्तर दिरंगाईचा कायदा’ म्हणतात, आणि त्यात सर्वसाधारणपणे कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये असे म्हटले आहे. ‘सर्वसाधारणपणे’ या शब्दात बरेच मावते, पण आपल्या मागणीपत्रात या कलमाचा उल्लेख करायला काही खर्च येत नाही.

उलट बाजूनेही जपले पाहिजे. फार उशिरा जागे होणाऱ्याला न्यायालय उभे करत नाही. २००८ चा ‘सी. जेकब’ खटला मी मुद्दाम वाचायला देतो. त्यात प्रतिवादी भूविज्ञान व खाण खात्याचे संचालकच आहेत, पण खटला खाणीचा नाही, त्या खात्यातल्या एका नोकराचा. नोकरी १९८२ मध्ये गेली आणि निवेदन दिले २००० मध्ये. न्यायालयाने बजावले, की ‘निवेदनाचा विचार करा’ असा साधा आदेश मिळवून आणि त्यावर आलेले उत्तर दाखवून मेलेला दावा जिवंत करता येत नाही. म्हणजे स्मरणपत्रांचा ढीग रचत बसणे हा न्यायालयात न जाण्याला पर्याय नव्हे.

आदेश मिळाल्यावरही अधिकारी गप्प राहिला तर न्यायालयाची अवमानना. १९७१ च्या कायद्याप्रमाणे शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही. अर्ज एक वर्षाच्या आत करावा लागतो. प्रत्यक्षात अवमाननेची नोटीस कचेरीत पोचली की फाईल सापडते, असा वकीलमंडळींचा अनुभव ऐकतो. नुकसानभरपाईची वाट मात्र अरुंद आहे. १९९३ च्या ‘लखनौ डेव्हलपमेंट ऑथॉरिटी विरुद्ध एम. के. गुप्ता’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने छळवणुकीची भरपाई जबाबदार अधिकाऱ्याच्या खिशातून वसूल करण्यापर्यंत मजल मारली. पण तो घराचा ताबा न मिळालेल्या ग्राहकाचा दावा होता. खाणपट्ट्याचा अर्जदार हा ग्राहक नव्हे, तो सरकारकडे सार्वजनिक संपत्तीतला वाटा मागणारा आहे. त्याने या निकालावर फार भिस्त ठेवू नये.

आणि परमादेश मिळाला म्हणजे बदलत्या नियमापासून संरक्षण मिळाले, असेही नाही. २००३ च्या ‘हावडा महानगरपालिका विरुद्ध गँजेस रोप’ या खटल्यात इमारतीच्या वाढीव मजल्यांची परवानगी मागितली होती, उच्च न्यायालयाने अर्ज मुदतीत निकाली काढायला सांगितले होते, आणि मधल्या काळात उंचीचे निर्बंध आले. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, परवानगीच्या दिवशीचाच नियम लागू. तेव्हा परमादेशाचा उपयोग एकच: घड्याळ आपल्या हातात थोडेसे घेणे. तेही वेळेवर घेतले तर.

एवढे लिहून झाल्यावर माझ्या पत्नीने हा मजकूर वाचला आणि विचारले, “खाणीशेजारच्या लोकांचं काय?” प्रश्न योग्य आहे. तिच्या माहेरच्या शाळेपासून थोड्याच अंतरावर खडी फोडण्याचे यंत्र होते. फळ्यावर लिहिण्याआधी धूळ पुसावी लागे. सुरुंगाने विहिरींना तडे गेलेली गावे आपल्याकडे आहेत. त्या लोकांना फाईल पडून राहणे हा आशीर्वाद वाटला तर नवल नाही. २७ फेब्रुवारी २०१२ रोजी ‘दीपक कुमार विरुद्ध स्टेट ऑफ हरियाणा’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पाच हेक्टरांहून लहान गौण खनिज पट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी लागेल असे सांगितले, ते लहान-लहान तुकडे पाडून नदी आणि डोंगर पोखरले जात होते म्हणूनच. क्रशरसाठी कर्नाटकाने २०११ मध्ये वेगळा कायदा करून सुरक्षित क्षेत्रे ठरवण्याची सोय केली. या तपासण्यांना वेळ लागतो, लागावा. त्याला दिरंगाई म्हणत नाहीत. मोजणीला लागलेले पाच महिने मी दिरंगाई मानत नाही; वनखात्याचे दोन महिनेही नाही. जानेवारी २०१५ नंतर फाईलवर एकही शेरा पडला नाही, ते दीड वर्ष मात्र कोणत्याही विहिरीचे रक्षण करत नव्हते. शेजाऱ्यांच्या हरकती ऐकून, कारणे देऊन अर्ज फेटाळला असता तर शेजाऱ्यांनाही तो कागद पुढे उपयोगी पडला असता. मौन त्यांच्याही हाती काही देत नाही, हे मला पत्नीच्या प्रश्नामुळे सुचले.

आता अंतराचेही दुखणे पूर्वीइतके राहिलेले नाही. बेळगावच्या माणसाला रिटसाठी बंगळूर गाठावे लागे. २००८ मध्ये धारवाडला फिरते पीठ आले, २०१३ मध्ये ते कायमचे झाले. सकाळच्या गाडीने जाऊन संध्याकाळी परत येता येते. गोवेकरांना मुंबई उच्च न्यायालयाचे पणजीचे पीठ आहे. चंदगडच्या माणसाला मुंबईची वारी करावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले.

मामांनी आता ट्रॅक्टर विकला आहे. त्यांच्या कागदांची प्लास्टिकची पिशवी माझ्याकडेच राहिली. अर्ज, चलन, आवक क्रमांकाची चिठ्ठी, मोजणीचा नकाशा, माझ्या हस्ताक्षरातली दोन विनंतीपत्रे. नावे झाकून त्यांच्या छायाप्रती मी दरवर्षी परमादेशाच्या तासाला वाटतो आणि एकच प्रश्न विचारतो: उच्च न्यायालयात जाण्याची योग्य वेळ कोणती होती, तारीख सांगा. मुले पंधरा मिनिटे कागद उलटतात, आपसांत वाद घालतात. यंदा बहुतेकांनी मार्च २०१५ म्हटले; दुसऱ्या पत्रालाही उत्तर आले नाही तो महिना. मागच्या बाकावरच्या त्या खानापूरच्या मुलाने विचारले, “सर, हे पत्र लिहिणाऱ्याला कायदा माहीत नव्हता का?”

मी म्हणालो, “अर्धा माहीत होता.”